तंबोरा नाही, पेटी नाही, पियानोही नाही: आशा पुथलींची सात मिनिटं

ज्यांना ऐकायला वेळ नाही, किंवा जे ऑफिसात मोबाइल म्यूट करून गुपचूप वाचतात, त्यांच्यासाठी या भागाचं हे लेखी रूप. बोलले तसंच उतरवलंय, फक्त माझे "म्हणजे... म्हणजे" थोडे कमी केलेत. ऑडिओमध्ये दोन वेळा कसारा गाडीचा भोंगा येतो, तो कापलेला नाही. आंबिवलीत स्टेशनला लागून राहायचं आणि भोंग्याविना रेकॉर्डिंग करायचं, हे दोन्ही एकदम जमत नाही. घराची खिडकी बंद केली तर पंखा ऐकू येतो, पंखा बंद केला तर मी वितळते.

तर आजचा भाग एका व्हॉइस नोटमुळे सुरू झाला. आपली एक श्रोती आहे, डोंबिवलीची. वय एकोणीस. लहानपणापासून शास्त्रीय शिकते, यंदा विशारदची तयारी चालू आहे. आणि कॉलेजमधल्या तीन मुलांबरोबर संध्याकाळी गातेसुद्धा. गिटार, बेस, ड्रम. तिचं म्हणणं असं: क्लासमध्ये सांगतात, तिकडे गाऊ नकोस, आवाज बिघडेल. बँडमधली मुलं सांगतात, तुझ्या आवाजात मध्येच "क्लासिकल" येतं, ते काढून टाक. "ताई, दोघांचंही ऐकलं तर माझ्याकडे उरणार काय?" असं विचारून तिनं नोट संपवली. शेवटी हसली, पण ते हसणं काही खरं नव्हतं.

मी ती नोट चार वेळा ऐकली. कारण यातला पहिला अर्धा भाग माझ्याही वाट्याला आलाय. मी मध्यमापर्यंतच्या परीक्षा दिल्या, मग सोडलं. का सोडलं ते पुन्हा कधीतरी. पण त्या रात्री तिला उत्तर म्हणून काही लिहून पाठवण्याऐवजी मी एक अल्बम पाठवला. त्या अल्बमबद्दल आज सविस्तर बोलू. नाव आहे 'सायन्स फिक्शन'. साल 1972. वाजवणारा ऑर्नेट कोलमन, अमेरिकन सॅक्सोफोनवादक. आणि त्यातल्या आठपैकी दोन गाण्यांत गाणारी आहे मुंबईत वाढलेली एक मुलगी. आशा पुथली.

आशा म्हटलं की आपल्याकडे डोक्यात एकच नाव येतं, मला माहितीये. आडनाव बघा. पुथली. मंगळूरकडच्या सारस्वत घरातली, जन्म 1945, मुंबईचाच. कमलादेवी चट्टोपाध्याय, म्हणजे स्वातंत्र्यलढ्यातल्या आणि पुढे हस्तकला चळवळीतल्या, त्या नात्यातल्या. घरी हिंदुस्थानी संगीताचं रीतसर शिक्षण. आणि रात्री रेडिओ.

या रेडिओवर जरा थांबते, कारण तुमच्या-माझ्या पिढीला याची कल्पना येणं अवघड आहे. आपल्याला कुठलंही गाणं पाहिजे तर अंगठा हलवला की झालं. तेव्हा 'व्हॉइस ऑफ अमेरिका'वर विलिस कॉनोव्हर नावाचा एक निवेदक होता. खोल, सावकाश आवाज. 1955 पासून तो जगभर शॉर्टवेव्हवरून जॅझ ऐकवत होता. मुंबईत तो लागायचा तो खरखरीतून, मध्येच बुडायचा, मध्येच वर यायचा. जे ऐकलं ते डोक्यात ठेवायचं, कारण परत ऐकायची सोय नाही. गंमत म्हणजे आपल्याकडे गाणं शिकायची जुनी पद्धतही तीच. गुरूनं एकदा गायलं, तुम्ही धरलं, धरलं तेवढं तुमचं. पुथलींच्या बाबतीत एकाच कानानं ही दोन्ही कामं केली असणार, असा माझा अंदाज.

मुंबईला जॅझ नवा होता का? अजिबात नाही. 1930 च्या दशकात ताजमहाल हॉटेलच्या बॉलरूममध्ये लिऑन ॲबीसारखे कृष्णवर्णीय अमेरिकन वादक आपापले बँड घेऊन येत होते. त्यांच्या शेजारी बसून गोव्याची मुलं शिकली. त्यांतलाच एक ट्रंपेटवाला चिक चॉकलेट, खरं नाव अँटोनियो झेव्हियर वाझ. आणि तो पुढे कुणाबरोबर वाजवत होता, तर आपल्या पुणतांब्याच्या रामचंद्र नरहर चितळकरांबरोबर. म्हणजे सी. रामचंद्र. 1951 च्या 'अलबेला'मधली गाणी लग्नाच्या वरातीत वाजतात तेव्हा तुम्ही नाचलाच असाल, तर तुमच्याही पायात थोडा जॅझ गेलेला आहे, एवढंच सांगते. 1958 मध्ये डेव्ह ब्रुबेक मुंबईत वाजवून गेला, 1963 मध्ये ड्यूक एलिंग्टन. चर्चगेटला ॲस्टोरिया हॉटेलातलं 'व्हेनिस' वगैरे जागा होत्या. या सगळ्याची गोष्ट वाचायची असेल तर नरेश फर्नांडिस यांचं 'ताजमहाल फॉक्सट्रॉट' वाचा, मी इथे अजून शिरत नाही.

या मुंबईत पुथली गाऊ लागल्या. वेद मेहता 'न्यूयॉर्कर'साठी लिहायचे. ते भारतभर फिरले आणि 1970 मध्ये त्यांचं 'पोर्ट्रेट ऑफ इंडिया' हे जाडजूड पुस्तक आलं. त्यात मुंबईतल्या जॅझवर लिहिताना ही तरुण गायिका येते. मधल्या काळात काही दिवस हवाई सुंदरीची नोकरी, मग नृत्यासाठी मार्था ग्रॅहम यांच्याकडची शिष्यवृत्ती, आणि त्या निमित्तानं न्यूयॉर्क. तिथे गाठ पडली जॉन हॅमंड यांच्याशी. हा माणूस कोलंबिया म्हणजेच सीबीएस कंपनीत होता आणि त्याच्या कानाची ख्याती अशी की बिली हॉलिडेला पुढे आणणारा तो, बॉब डिलनला करारबद्ध करणाराही तोच. त्याच सुमाराला ऑर्नेट कोलमन कोलंबियासाठी नवीन अल्बम करत होता आणि त्याला दोन गाण्यांसाठी आवाज हवा होता.

आता इथून खरा भाग. ऑर्नेट कोण, हे कळल्याशिवाय पुथलींनी काय केलं ते कळत नाही.

जॅझमध्ये साधारण काय चालतं ते आधी सांगते. एक धून असते, समजा बत्तीस मात्रागटांची. तिच्या खाली कॉर्डची एक ठरलेली मालिका असते. कॉर्ड म्हणजे एकदम वाजवलेले तीन-चार सूर. धून वाजवून झाली की वादक एकेक करून उत्स्फूर्त वाजवतात, पण खालची मालिका फिरतच राहते, आपल्या तालाच्या आवर्तनासारखी. फरक असा की आपल्या आवर्तनात फक्त मात्रा फिरतात, तिथे सुरांचा संचही फिरतो. आत्ता हा कॉर्ड चालू आहे, मग हे सूर चालतील. पुढच्या क्षणी कॉर्ड बदलला, तर तुम्हीही बदला. आणि ही पाटी कोण दाखवतं? मुख्यतः पियानो. पियानोवाला म्हणजे इंडिकेटर. पुढचं स्टेशन कुठलं, तो सांगतो.

ऑर्नेट कोलमन, जन्म 1930, टेक्सासमधलं फोर्ट वर्थ. त्यानं 1959 मध्ये पियानोच काढून टाकला. त्या वर्षीच्या 'द शेप ऑफ जॅझ टू कम' या अल्बमवर फक्त सॅक्स, छोटा ट्रंपेट, बेस आणि ड्रम आहेत. त्याच वर्षी न्यूयॉर्कच्या 'फाइव्ह स्पॉट' क्लबात तो वाजवू लागला, हातात चक्क पांढरट प्लास्टिकचा सॅक्सोफोन, आणि शहरात भांडणं लागली. काहींना तो देवमाणूस वाटला, काहींना भोंदू. त्याच्यावरचा नेहमीचा आरोप कुठला होता माहितीये? बेसूर वाजवतो. हा शब्द लक्षात ठेवा, पुढे लागेल. त्याच ऑर्नेटला 2007 मध्ये संगीताचं पुलित्झर मिळालं, पण ते फार नंतर.

त्याचं म्हणणं थोडक्यात असं: चाल पुढे जाईल, बाकीच्यांनी तिचं ऐकून आपापली वाट काढावी. चाल, सुसंवाद आणि लय यांत मालक-नोकर कुणी नाही. याला त्यानं पुढे 'हार्मोलोडिक्स' असं भारदस्त नाव दिलं. त्या नावावर पुष्कळ लिहिलं गेलंय. मला विचाराल तर नावापेक्षा कानानं लवकर कळतं.

आणि आपल्या लाइनवाल्यांना तर फारच लवकर कळतं. सकाळच्या गाडीत भजनी मंडळाचा डबा असतो ना? टाळ, ढोलकी, डब्याच्या पत्र्यावर थाप. सगळे एकच अभंग एकाच चालीत म्हणत असतात. पण नीट ऐका. एक काका किंचित आधी पोचतात. एकाचा आवाज वर चढतो आणि तिथेच राहतो. एक जण शेवटचं अक्षर ओढत बसतो. कुणी ठरवून दुसरा-तिसरा आवाज लावत नाही, तरी सगळं मिळून एक जाड दोरी होते, जिचे धागे वेगळे दिसतात. ऑर्नेटचे चार फुंकवाद्यवाले एकत्र चाल वाजवतात तेव्हा तसंच होतं. एकच चाल, पण इस्त्री न केलेली.

तर 1971 चा सप्टेंबर-ऑक्टोबर, न्यूयॉर्क, कोलंबियाचा स्टुडिओ. अल्बमचं पहिलंच गाणं, 'व्हॉट रीझन कुड आय गिव्ह'. लांबी तीन मिनिटांच्या आसपास. आंबिवलीला गाडीत चढून सुरू केलंत तर शहाड यायच्या आत संपतं. कोण कोण आहे बघा: ऑर्नेट आल्टो सॅक्सवर, ड्युई रेडमन टेनर सॅक्सवर, दोन ट्रंपेट, चार्ली हेडन डबल बेसवर, आणि ड्रमर एक नाही तर दोन, बिली हिगिन्स आणि एड ब्लॅकवेल. दोघे एकाच वेळी. या सात पुरुषांच्या मध्ये आशा पुथली. पियानो नाही. गिटार नाही. तंबोरा तर नाहीच नाही.

प्ले केलंत की पहिली गोष्ट जाणवते ती म्हणजे ड्रम धावताहेत आणि गाणं मात्र धावत नाहीये. खाली नुसती धडधड, वर चाल अगदी सावकाश, कुठल्याच ठेक्याला न बांधलेली. पहिल्यांदा ऐकताना मला वाटलं होतं, दोन गाणी एकदम लागली की काय. मग एकदा सकाळी लेडीज डब्यात ऐकत होते. गाडी दिव्याच्या पुढे सुसाट, खडखडाट, आणि समोरच्या सीटवर एक मावशी मांडीवर पिशवी पसरून तिच्या लयीत मटार सोलत होती. गाडीची लय तिला माहीत होती, अंगही हलत होतं, पण बोटं आपल्याच वेगानं. तेव्हा ते गाणं मला समजलं. पुथली तशा गातात.

आता सुराकडे या. ख्याल गाताना मागे तंबोरा असतो. सा हरवला की कान मागे टाकायचा, तो तिथे असतोच. सुगमसंगीत किंवा पॉप गाताना पेटी असते, कीबोर्ड असतो, कॉर्ड असतात. ते तुम्हाला उचलून धरतात. या गाण्यात यातलं काहीच नाही. बेस आहे, पण तो एका जागी उभा राहत नाही, हेडन फिरत असतो. शेजारी चार फुंकवाद्यं आहेत, पण त्यांचे सूर पियानोच्या पट्ट्यांवर बसणारे नाहीत, किंचित वर, किंचित खाली. म्हणजे ज्याला लोक बेसूर म्हणत होते तोच सूर या बाईंना सोबतीला घेऊन गायचंय. ज्या गायिकेचा कान फक्त पियानोवर तयार झालाय, तिला इथे दोनच वाटा. एकतर फुंकवाद्यांना दुर्लक्षून "बरोबर" गायचं, मग तेलावर पाणी. नाहीतर त्यांच्यात विरघळून जायचं.

पुथली यातलं काहीच करत नाहीत. त्यांचा सूर ठाम आहे आणि तरी शेजाऱ्याच्या सुराला चिकटतो. हे कुठून आलं? इथे आपली तालीम कामाला येते, असं मला वाटतं. शिकणाऱ्यांना माहीत आहे, दरबारीचा गंधार पेटीच्या पट्टीवर सापडत नाही. तो त्या पट्टीच्या खाली असतो, आणि तिथेही स्थिर नसतो, झुलतो. याच कारणानं 1940 मध्ये आकाशवाणीनं पेटीवर बंदी घातली होती आणि ती कित्येक वर्षं टिकली. (पेटीवाल्यांवर तो अन्यायच झाला, पण तक्रार समजण्यासारखी होती.) ज्या मुलीनं लहानपणी पट्ट्यांच्या मधल्या जागेत राहायची सवय केली, तिला ऑर्नेटचा सूर बेसूर कशाला वाटेल? तिच्यासाठी ती नेहमीची वस्ती.

दुसरी गोष्ट, मींड. एका सुरावरून दुसऱ्या सुरावर उडी न मारता सरकत जाणं. त्या ते करतात, पण फार थोडं. एखादा लांब सूर घेतात, तो सरळ धरतात, आणि सोडताना जरासा वळवतात. बस्स. ताना नाहीत, मुरक्या नाहीत, सरगम नाही. आणि याच गोष्टीसाठी मी हा अल्बम त्या मुलीला पाठवला.

कारण बघा, तो काळ कुठला होता. 1960 च्या दशकाच्या शेवटी पाश्चात्त्य संगीतात भारताची लाट होती. लंडनमध्ये जो हॅरियट आणि जॉन मेयर 'इंडो-जॅझ फ्यूजन्स' करत होते. आपल्याकडे 1968 मध्ये शंकर-जयकिशन यांचा 'रागा जॅझ स्टाइल' आला, रईस खाँ यांची सतार आणि बाजूला सॅक्सोफोन, ट्रंपेट. तो अल्बम मला आवडतो, भांडण नाही. पण त्यात कोण कुठून आलंय याची पाटी प्रत्येकाच्या गळ्यात आहे. सतार म्हणजे भारत, सॅक्स म्हणजे जॅझ, दोघांचं हस्तांदोलन, टाळ्या. 'सायन्स फिक्शन'मध्ये 1971 च्या न्यूयॉर्कला भारतीय गायिका मिळाली आणि तरी कुणी सतार आणली नाही, तबला आणला नाही, तिला आलाप करायला लावला नाही. शब्द इंग्रजी, थोडे, एकतर्फी प्रेमासारखं काहीतरी विचारणारे. भारत कुठे दिसत नाही. मात्र तो सूर लावायची, धरायची आणि सोडायची जी रीत आहे ती दुसरीकडून आलेली असू शकत नाही.

मी इथे जरा वेडावाकडा बोलणार आहे, चालवून घ्या. आपल्याकडे टीव्हीवरच्या स्पर्धांत "व्हर्सटाइल" हा शब्द ज्या तऱ्हेनं वापरतात त्याचा मला कंटाळा आलाय. सोमवारी लावणी, मंगळवारी कव्वाली, बुधवारी गझल, आणि परीक्षक उभं राहून म्हणतात, काय व्हर्सटाइल आवाज आहे! म्हणजे दर गाण्याला वेगळा ड्रेस आणि ड्रेसबरोबर वेगळा गळा. अष्टपैलू म्हणजे हेच, असं ऐकून ऐकून आपणही मानायला लागलोय. पुथलींचं बघा. पुढच्या दहा वर्षांत त्यांनी जॅझ गायला, सोल गायलं, पॉप, डिस्को, सगळं. जेम्स आयव्हरींच्या 1972 च्या 'सॅव्हेजेस' सिनेमात अभिनयसुद्धा केला. पण आवाज एकच राहिला. पोशाख बदलत होते, आणि भन्नाट बदलत होते, कव्हरवरचे फोटो बघाच, पण गळा त्यांचाच.

'ऑल माय लाइफ' हे दुसरं गाणं अल्बममध्ये सहावं आहे. पहिल्यापेक्षा मऊ, चार मिनिटांच्या आतबाहेर. इथे एक प्रयोग करा. पहिल्या वेळी फक्त आवाज ऐका. दुसऱ्या वेळी आवाज सोडा आणि फक्त ट्रंपेट ऐका. तुम्हाला दिसेल की ट्रंपेट तिची साथ करतंय, पेटीवाला ख्यालियाची करतो तशी, मागोमाग, किंचित उशिरा, कधी बरोबर. मग तिसऱ्या वेळी उलटं वाटायला लागतं, की तीच ट्रंपेटची साथ करतेय. कोण पुढे, कोण मागे, ठरवता येत नाही. ऑर्नेटला मालक-नोकर नको होते म्हणाले ना, ते हे. त्या दोन ट्रंपेटवाल्यांपैकी एक जेरार्ड श्वार्झ, तो पुढे सिएटल सिम्फनीचा संचालक झाला. म्हणजे काटेकोर स्वरलिपी वाचून वाजवणारा माणूस, मुंबईच्या कानावर वाढलेली गायिका आणि टेक्सासचा सॅक्सवाला एका चालीत उभे आहेत, आणि कुणीही कुणासारखं होत नाहीये.

मधली गाणी सोडू नका, पण घाबरूही नका. 'सिव्हिलायझेशन डे' आणि 'स्ट्रीट वुमन' मध्ये 1959 ची जुनी चौकडी परत जमलेली आहे, सुसाट. अल्बमच्या नावाचंच जे चौथं गाणं आहे त्यात एक कवी शब्द म्हणतो आणि एक बाळ रडतं. खरंच रडतं. रात्री बारा वाजता हेडफोनवर लावलं तेव्हा मी उठून बाहेर बघून आले. 'रॉक द क्लॉक'मध्ये ड्युई रेडमन सनईच्या जातीचं एक वाद्य वाजवतो आणि हेडन आपल्या बेसला इलेक्ट्रिक गिटारसारखा वा-वा पेडल लावतो, ते ऐकून आमच्या बाबांनी "मिक्सर बिघडलाय का?" असं विचारलं होतं. सगळा अल्बम मिळून पाऊण तासाच्या आत. जलद गाडी मिळाली तर आंबिवली ते ठाणे.

पुढे काय झालं पुथलींचं? 1973 मध्ये सीबीएसनंच त्यांच्या नावाचा पहिला स्वतंत्र अल्बम काढला, 'आशा पुथली', निर्माता डेल न्यूमन. त्यात जे. जे. केलचं 'राइट डाउन हिअर' त्यांनी ज्या सावकाशीनं गायलंय ते ऐका. जॅझवाल्यांना तो पुरेसा जॅझ वाटत नाही. नसू दे. मग 1976 चा 'द डेव्हिल इज लूज'. त्यातलं 'स्पेस टॉक' तुम्ही ऐकलं नसेल असं वाटत असेल तर थांबा. 1997 मध्ये आलेल्या नोटोरियस बीआयजीच्या 'लाइफ आफ्टर डेथ'मध्ये 'द वर्ल्ड इज फिल्ड' नावाचं गाणं आहे, त्याच्या तळाशी 'स्पेस टॉक'चाच तुकडा आहे. म्हणजे आपल्यातले जे हिपहॉपवाले आहेत, कल्याण-उल्हासनगरचे रॅपर्स, तुमच्यातल्या अनेकांनी या मुंबईकर बाईंचा आवाका नाव माहीत नसताना कानात साठवलेला आहे. आणि 2024 च्या जूनमध्ये, वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षी, त्या इंग्लंडच्या ग्लास्टनबरी महोत्सवात गायल्या.

मला कुणी म्हणेल, एवढ्या मोठ्या कारकिर्दीतली सातच मिनिटं घेऊन बसलीस. हो. ऑर्नेटबरोबर त्या पुढे राहिल्या नाहीत, जॅझमध्येच राहिल्या असत्या तर काय झालं असतं हा प्रश्न जॅझवाले विचारतात. मला तो थोडा मालकी हक्काचा वाटतो. आमच्यातली होतीस, का गेलीस? क्लासवालेही नेमकं हेच विचारतात ना.

तर त्या डोंबिवलीच्या मुलीकडे परत येते. अल्बम पाठवून दोन दिवस काही उत्तर नाही. निळ्या खुणा आल्या, उत्तर नाही. मग तिसऱ्या रात्री नोट आली. म्हणाली, "ताई, पहिल्यांदा आवडलं नाही. खरं सांगते, बंद केलं. दुसऱ्या दिवशी रियाज करताना ती चाल आपोआप तोंडात आली. तंबोऱ्यावर म्हणायला गेले तर बसेना. तंबोरा बंद केला, तर बसली." मग थोडं थांबून: "पण तंबोरा बंद केल्यावर मला माझा सा किती हलतो ते कळलं. एवढा हलतो हे माहीत नव्हतं."

त्यावर मी तिला सांगितलं की तंबोरा पुन्हा चालू कर आणि विशारद दे. बँड सोडू नकोस. क्लासमध्ये कुणी विचारलं तर खरं सांग, आणि बँडवाल्या मुलांना पहिल्या गाण्याची तीन मिनिटं ऐकव, त्यांच्या ड्रमरला मुद्दाम. तो म्हणाला म्हणे, "दोन ड्रमर कशाला, एकालाच इथे कुणी ऐकत नाही." ड्रमर सगळीकडे सारखेच.

येत्या रविवारी ती इकडे येणार आहे, आमच्या या भोंगावाल्या खोलीत. मोबाइलवरचा तंबोरा लावून सुरू करायचं आणि मध्येच मी तो न सांगता बंद करायचा, असं ठरलंय. ती चालू ठेवेल. काय होतं ते रेकॉर्ड करू. तिची परवानगी असेल तरच तुम्हाला ऐकवेन. तोवर 'सायन्स फिक्शन' ऐका, शक्यतो हेडफोनवर, शक्यतो चालत्या गाडीत, आणि दारात उभं राहून नको. भेटू पुढच्या भागात.